बोलणारी कोण, बोलविणारी कोण?

आमची हयात शाळेंत गेली. 'हें तुझें स्वतःचें कीं कोणाचें उतरून घेतलेंस?' असें मुलांना विचारण्याची संवय निवृत्तीनंतरहि सुटली नाहीं. गेल्या चातुर्मासांत आमच्या पुतणीनें घरांतील मंडळींस एक परदेशी माहितीपट दाखविला, तेव्हां हाच प्रश्न आमच्या तोंडून मोठ्यानें निघाला.

माहितीपटाचें नांव 'सरनेम व्हिएत गिव्हन नेम नाम', म्हणजे 'आडनांव व्हिएत, नांव नाम'. तो त्रिन मिन-हा या विदुषींनीं १९८९ सालीं केला. त्यांचा जन्म १९५२ सालीं हानोई येथें झाला. मायदेशीं युद्ध चालूं असतांना, १९७० सालीं, त्या अमेरिकेंत गेल्या. तेथें त्यांनीं संगीतरचना व फ्रेंच वाङ्मय यांचा अभ्यास केला आणि पुढें बर्कले येथील विद्यापीठांत अध्यापन केलें. पटाच्या नांवामागें एक विनोद आहे. 'लग्न झालें का?' असें विचारणाऱ्यास व्हिएतनामी तरुणीनें उत्तर द्यावयाचें, 'होय, त्यांचें आडनांव व्हिएत, नांव नाम.' देशच पति झाला! देशभक्ति खरी, परंतु या उत्तरांत त्या तरुणीचें स्वतःचें नांव कोठें आहे?

पटाच्या प्रारंभीं साध्या वेषांतील कांहीं स्त्रिया एकामागून एक आपली हकीकत सांगतात. त्यांत डॉक्टर आहेत, नोकरी करणाऱ्या आहेत. १९७५ सालीं युद्ध संपल्यावरचें दारिद्र्य, मनांतील भीति, आणि स्त्रीची स्तुति करावयाची पण तिचें ऐकावयाचें नाहीं ही रीत, हें सर्व त्या सांगतात. तेथील जुन्या रूढीप्रमाणें स्त्रीनें प्रथम पित्याची, मग पतीची आणि शेवटीं पुत्राची आज्ञा पाळावी. मनुस्मृति वाचलेल्या आम्हांस हें परकें वाटलें नाहीं. आमचे डोळे पाणावले.

आणि मग कळलें कीं या स्त्रिया व्हिएतनाममध्यें नाहींतच! त्या अमेरिकेंत स्थायिक झालेल्या व्हिएतनामी स्त्रिया असून दुसऱ्यांचे शब्द पाठ करून म्हणत होत्या. मूळ मुलाखती माइ थु व्हान या लेखिकेनें व्हिएतनाममध्यें घेतल्या व १९८३ सालीं फ्रेंच पुस्तकांत छापल्या. त्यांचें इंग्रजी करून ते शब्द यांच्या मुखीं घातले होते. पटाच्या उत्तरार्धांत मात्र याच स्त्रिया स्वतःविषयीं बोलतात, आणि आपण कोणत्या वेषांत व कोठें दिसावें हेंहि त्या स्वतः ठरवितात.

"ही तर फसवणूक झाली!" आम्ही म्हणालों.

"काका," पुतणी म्हणाली, "बातम्यांत रडणारी बाई तुम्हांला खरी वाटते. तिला प्रश्न कुणीं विचारले, भाषांतर कुणीं केलं, शंभर वाक्यांतलीं चार कुणीं ठेवलीं, हें तिथं कुणी सांगतं का? या बाईंनीं तें उघड करून दाखवलं."

आम्ही निरुत्तर झालों. पाणिनीच्या व्याकरणांत साक्षात् पाहणारा तो 'साक्षी'. दुसऱ्याची साक्ष आपण किती हातांतून घेतों आणि तरी ती अस्सल मानून हळहळतों! १९८२ सालीं सेनेगलमधील खेड्यांवर केलेल्या 'रिअसेंब्लेज' या आपल्या पहिल्या पटांतहि त्यांनीं गांवकऱ्यांचा अर्थ लावून सांगण्याचें नाकारलें. लोकांविषयीं बोलूं नये, त्यांच्याजवळ बसून बोलावें, अशी त्यांची भूमिका.

आमचा एक आक्षेप अद्यापि कायम आहे. ज्याची मजुरी बुडाली त्याला, आपलें गाऱ्हाणें सरळ व खणखणीत मांडणाराच हवा असतो. शिवाय पटाचीं १०८ मिनिटें सोपीं नाहींत. उच्चार समजण्यास कठीण, त्यांत पडद्यावर अक्षरेंहि उमटतात. घरांतील निम्मी मंडळी मध्येंच उठून गेली.

एक व्यक्ति मात्र शेवटपर्यंत बसली होती. आमच्या आत्याबाई. वय ८९. विसाव्या वर्षीं वैधव्य आलें, त्या माहेरीं परत आल्या आणि त्यांनीं आम्हां भावंडांस वाढविलें. आमच्या कुलवृत्तांतांत त्यांच्यावर दीड पान आहे. तें आम्हींच लिहिलें असून त्यांत 'त्यागमूर्ति' हा शब्द तीनदां आला आहे. लिहितांना त्यांना कांहीं विचारावें असें आमच्या मनांतहि आलें नव्हतें.

दुसऱ्या दिवशीं आम्ही त्यांच्याजवळ जाऊन बसलों व विचारलें. त्या बराच वेळ वाती वळीत राहिल्या. मग म्हणाल्या, "अरे, मला नर्सिंगला जायचं होतं. अर्ज भरून ठेवला होता. दादानं तो टाकलाच नाहीं पोस्टांत. त्याग कसला? कुणीं विचारलंच नाहीं."

दादा म्हणजे आमचे वडील.

कुलवृत्तांताची नवी आवृत्ति निघावयाची आहे. तें दीड पान आम्हीं परत मागवून घेतलें आहे. आतां आत्याबाई सांगतात, पुतणी लिहून घेते, आणि त्यांनीं ऐकून होकार दिल्यावांचून एकहि ओळ पुढें जात नाहीं. परवां त्यांनीं एकच वाक्य खोडावयास लावलें. तें आम्हीं घातलेलें होतें.