घर दोन राज्यांचे, चेंडू एकच

माझे माहेर उदगीरचे, सासर कमलनगरचे. अंतर जेमतेम, पण मधे राज्याची सीमा. 1956 च्या राज्य पुनर्रचनेत उदगीर एका राज्यात गेले, कमलनगर दुसऱ्यात राहिले. तरी आमची सोयरीक, बाजारहाट आणि मुलांची कॉलेजे सीमा ओलांडून चालूच राहिली.

माझा मुलगा उदगीरला कॉलेजात होता आणि तिथल्या संघातून फुटबॉल खेळत असे. एकदा सामना हरून आला आणि जेवायलाच बसेना. खेळात काही चुकले म्हणून कुणीतरी त्याला म्हणाले होते, ‘‘तू तर तिकडचा!’’ घरात मराठी बोलणारा, शाळेत कन्नड शिकलेला माझा मुलगा नेमका कुठचा, याचे उत्तर त्या रात्री मलाही देता आले नाही.

त्यानंतर 2023 च्या फेब्रुवारीत संतोष करंडकाचे सामने आले. 1941 पासून चालत आलेली ही राज्याराज्यांची राष्ट्रीय स्पर्धा. भुवनेश्वरच्या फेरीत कर्नाटक आणि महाराष्ट्र एकाच गटात! मुलाने विचारले, ‘‘आई, आपण कुणाच्या बाजूने?’’ आमचे हे पेपरात डोके घालून बसले. सासूबाई म्हणाल्या, ‘‘जो चांगला खेळेल त्याच्या.’’

आधीच्या वर्षी, 2022 मध्ये, कर्नाटकाची उपांत्य फेरीत केरळपुढे दाणादाण उडाली होती. तब्बल 3-7! तोच केरळ या वेळी पुन्हा समोर आला आणि कर्नाटकाने त्याला 1-0 ने हरवले. गोल केला अभिषेक शंकर पोवारने. आडनाव ऐकताच सासूबाई सावरून बसल्या. ‘‘पोवार? मग तो आपलाच की!’’ कर्नाटकाच्या संघात पोवार असू शकतो, एवढ्यानेच माझ्या मुलाचा चेहरा उजळला.

महाराष्ट्र गटातच थांबला. कर्नाटक आणि पंजाब पुढे गेले. शेवटचे सामने सौदी अरेबियातील रियाध शहरात झाले. या स्पर्धेचा अंतिम सामना देशाबाहेर होण्याची ही पहिलीच वेळ. उपांत्य सामन्यात कर्नाटकाने सेनादलाला 3-1 ने नमवले. 4 मार्चला गाठ मेघालयाशी होती.

त्या रात्री आम्ही सगळे एका मोबाईलभोवती दाटीने बसलो. दुसऱ्याच मिनिटाला सुनील कुमारचा गोल. मेघालयाने पेनल्टीवर लगेच बरोबरी साधली. मग बेके ओरामने पुन्हा आघाडी मिळवून दिली आणि मध्यंतराच्या तोंडावर रॉबिन यादवने लांबून मारलेली फ्री किक जाळ्यात शिरली. उत्तरार्धात मेघालयाने एक गोल फेडला. त्यानंतरचा वेळ सरता सरेना. सासूबाई देवघराकडे पाहत होत्या, मुलगा घड्याळाकडे. अखेर 3-2! मुलगा ओरडला, ‘‘नावु गेद्देवु!’’ आणि लगेच आजीच्या गळ्यात पडून म्हणाला, ‘‘आजी, जिंकलो गं!’’

प्रशिक्षक रवी बाबू राजू यांच्या या संघाने 54 वर्षांनी करंडक आणला. याआधीची चारही विजेतेपदे, 1946-47, 1952-53, 1967-68 आणि 1968-69 ची, म्हैसूरच्या नावावर होती. 1973 मध्ये राज्याचे नाव कर्नाटक झाले, त्या नावाने मिळालेला हा पहिलाच करंडक. महाराष्ट्रानेही 1999-2000 मध्ये केरळला 3-2 नेच हरवून तो जिंकला होता. हे मुलाने मला मुद्दाम सांगितले. दोन्हीकडचा हिशेब त्याने मनात चोख ठेवला होता.

दुसऱ्या दिवशी तो पुन्हा मैदानावर गेला. निघताना मी विचारले, ‘‘आज कुणी ‘तिकडचा’ म्हटले तर?’’

हसून म्हणाला, ‘‘म्हणेन, दोन्हीकडचा. चेंडूला मराठीत चेंडूच म्हणतात, आणि कन्नडमध्येही चेंडूच.’’

त्या रात्री मला न सुचलेले उत्तर त्याचे त्यानेच शोधले होते.