गालावरची तीट

माझी भाची दीड वर्षाची होत आली होती. तिची आजी रोज अंघोळीनंतर तिला काजळाची तीट लावायची आणि कडेवर घेऊन कपाटाच्या आरशासमोर उभी राहायची. ‘बाळ कुठंय?’ म्हटलं की पोर आरशातल्या बाळाकडे पाहून हसायची, काचेला तोंड लावून ती ओली करायची. एकदा तर तिने कपाटाचं दार उघडून आत कोणी आहे का तेही पाहिलं. मग एका सकाळी आरशात बघता बघता ती थबकली, आणि तिचं बोट काचेकडे न जाता स्वतःच्या गालावर गेलं. तीट फिसकटली, आजी वैतागली. मी मात्र दिवसभर त्या बोटाचाच विचार करत होते.

काच सोडून गालाकडे वळलेल्या अशा बोटाची वाट शास्त्रज्ञांनी फार वर्षं पाहिली आहे. चार्ल्स डार्विनने आपल्या थोरल्या मुलाच्या बाळपणाची वही ठेवली होती, ती १८७७ साली लेखरूपाने छापून आली. साडेचार महिन्यांचा मुलगा आरशातल्या बापाकडे पाहून हसायचा, पण बापाचा आवाज मागून आला की चकित व्हायचा. पुढे दोन महिन्यांच्या आतच, डार्विनने मागे उभं राहून गुपचूप तोंड वेडंवाकडं केलं की तो आरसा सोडून वळून बापाकडे पाहू लागला. बापाचं प्रतिबिंब त्याला उमगलं होतं. स्वतःचं उमगलं की नाही, हे कळायला मात्र डार्विनकडे साधन नव्हतं.

ते साधन १९७० साली मिळालं. गॉर्डन गॅलप या अमेरिकी मानसशास्त्रज्ञाने चिंपांझींसमोर आरसे ठेवले. पहिले काही दिवस ते प्रतिबिंबाला परका चिंपांझी समजून धाक दाखवत होते. मग त्याच आरशात पाहून ते दातांत अडकलेलं अन्न काढू लागले. दहा दिवसांनी गॅलपने त्यांना भूल दिली आणि एका भुवईवर व एका कानावर लाल रंग लावला. या रंगाला वास नव्हता, तो त्वचेला जाणवतही नव्हता. शुद्धीवर आलेल्या चिंपांझींनी आरशात पाहिलं आणि बोटं थेट स्वतःच्या भुवईला लावली. त्याच प्रयोगातल्या माकडांना हे जमलं नाही.

गॅलपची वाट न पाहता, स्वतंत्रपणे, ब्यूला ॲमस्टरडॅम या संशोधिकेने हाच प्रयोग बाळांवर केला. तो १९७२ साली प्रसिद्ध झाला. तीन ते चोवीस महिन्यांची ८८ बाळं होती आणि त्यांच्या नाकावर लाली लावलेली होती. वर्षाच्या आतल्या बाळांना आरशात सवंगडी दिसला. वीस महिन्यांपुढच्या बहुतेकांचा हात आपल्या नाकाकडे गेला. मधल्या वयातल्या बाळांची नोंद मला सर्वांत विलक्षण वाटते: त्यांच्यातली कितीतरी आरशासमोर लाजली, मान वळवून निघून गेली. आपल्याला कोणीतरी पाहतं आहे हे कळल्याशिवाय लाज वाटत नाही. स्वतःची ओळख पटण्याच्या उंबरठ्यावर माणसाला आधी संकोच भेटतो.

भाचीच्या बोटावरून मी घाईने निष्कर्ष काढला असता, तर तो चुकीचा ठरला असता. काजळाचं बोट गालावर टेकलेलं तिला जाणवलेलं होतं, आणि आमच्या घरात गालावर काळा ठिपका ही नवलाई नव्हती. खऱ्या चाचणीत खूण नकळत लावावी लागते. तरीही चाचणी फसू शकते. केनियात दीड ते सहा वर्षांच्या ८२ मुलांची अशी चाचणी घेतली गेली, तेव्हा फक्त दोघांनी खूण पुसायचा प्रयत्न केला. बरीच मुलं आरशासमोर थिजून उभी राहिली. सहा वर्षांच्या मुलाला स्वतःचं भान नसतं, असं कोण म्हणेल? मोठ्या माणसाने लावलेली खूण न विचारता पुसायची नाही, हेही त्या थिजण्यामागे असू शकतं. एकाच समाजात बेतलेल्या मोजपट्टीने सगळ्या जगातली मुलं मोजू नयेत, याचं याहून चांगलं उदाहरण मला ठाऊक नाही.

आरशाशिवायही हे भान दिसतं. मुलाला चटईवर उभं करून त्याच चटईला बांधलेली खेळण्यातली गाडी ढकलायला सांगतात. आपलंच वजन आड येतं आहे हे कळायला त्याला दीड वर्ष उलटावं लागतं. आपण बसलेली चादर ओढत रडणारं बाळ घरोघरी पाहायला मिळतं. त्याच्या लेखी जगात वस्तू आहेत, पण आपणही त्यांतली एक आहोत हे अजून कळायचं आहे.

मग भाषा येते, आणि मराठी मुलाची खरी परीक्षा सुरू होते. ‘मी’ हा मोठा फसवा शब्द आहे. आई म्हणते तेव्हा ती आई असते, बाबा म्हणतात तेव्हा बाबा. म्हणून मुलं सुरुवातीला ‘चिऊला दूध’ असं स्वतःच्या नावानेच बोलतात. त्यात आपल्याकडे ‘मी येतो’ म्हणायचं की ‘मी येते’, हे ठरवायला बोलणाऱ्याला स्वतःविषयी काही ठाऊक असावं लागतं. दिवसभर आईमागे फिरणारा मुलगा बिनदिक्कत ‘मी येते’ म्हणतो आणि घरातल्यांच्या हसण्यातून दुरुस्त होतो. (कोल्हापूरकडे बायकाही ‘मी जातो’ म्हणतात, त्यामुळे तिथल्या मुलांपुढचं कोडं वेगळं.) शिवाय ‘आम्ही’ आणि ‘आपण’ आहेतच. ‘आम्ही बागेत चाललोय’ ऐकून ज्याचा चेहरा पडतो आणि ‘आपण बागेत जाऊ या’ ऐकून जे चप्पल शोधायला धावतं, त्या मुलाने स्वतःला माणसांच्या नकाशावर नेमकं बसवलेलं असतं.

पण हा सगळा ‘मी’ आत्ताचा आहे. काल होता आणि उद्या असेल, असा ‘मी’ यायला आणखी वेळ लागतो. १९९६ साली डॅनियल पोविनेली आणि सहकाऱ्यांनी खेळता खेळता मुलांच्या डोक्यावर नकळत एक मोठा स्टिकर चिकटवला आणि काही मिनिटांनी त्याच खेळाचं चित्रीकरण त्यांना दाखवलं. पडद्यावर कोण आहे, हे तीन वर्षांची मुलं बरोबर सांगत होती. तरीही त्यांतल्या बहुतेकांचा हात स्वतःच्या डोक्याकडे गेला नाही. पडद्यावरच्या मुलाच्या डोक्यावर स्टिकर आहे, म्हणजे तो आत्ता माझ्याही डोक्यावर असणार, ही जोडणी चार वर्षांच्या बहुतेक मुलांना जमली. मोठेपणी आपली सर्वांत जुनी आठवण साधारण तीन-साडेतीन वर्षांच्या आसपासची निघते. आठवण ठेवायला आधी ती जिची, ती व्यक्ती हवी. ती घडवण्यात रात्री अंथरुणावरच्या ‘आज आपण काय काय केलं?’ या गप्पांचा वाटा मोठा असतो, असं अभ्यासक सांगतात.

किशोरवयात आरसा पुन्हा घरातली सर्वांत महत्त्वाची वस्तू होतो. सगळे आपल्याकडेच पाहत आहेत, या भावनेला डेव्हिड एल्काइंड यांनी १९६७ साली ‘काल्पनिक प्रेक्षक’ म्हटलं. कपाळावरच्या एका पुरळापायी शाळेला दांडी मारणाऱ्या मुलीला रागावण्याआधी हे आठवावं. आवेगाला लगाम घालणारा तिच्या मेंदूचा पुढचा भाग पंचविशीपर्यंत घडत राहणार आहे.

त्यानंतर तरी माणूस ‘तयार’ होतो का? बुद्धीचा आलेख एकच शिखर दाखवत नाही. माहिती झटपट हाताळण्याचा वेग विशीच्या आतबाहेर सर्वाधिक असतो, समोरच्याच्या डोळ्यांतले भाव वाचण्याची क्षमता चाळिशी-पन्नाशीपर्यंत टिकून असते, आणि शब्दसंग्रह साठीतही वाढताना दिसतो. गंमत पुढे आहे. २०१३ साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात १८ ते ६८ वयोगटातल्या १९ हजारांहून अधिक लोकांपैकी काहींना विचारलं: गेल्या दहा वर्षांत तुम्ही किती बदललात? इतरांना विचारलं: येत्या दहा वर्षांत किती बदलाल? प्रत्येक वयात मागचा बदल मोठा सांगितला गेला, पुढचा मात्र त्याहून लहान. विशीतल्या माणसाला आपण पूर्ण घडलो असं वाटतं, आणि पन्नाशीतल्यालाही. पडद्यावरचा स्टिकर आपल्या डोक्यावर न शोधणारं ते तीन वर्षांचं मूल आपल्यात कुठेतरी शिल्लकच असतं. ‘मी’ वेळोवेळी ताजा करावा लागतो, आणि आपण त्यात नेहमी थोडे मागे पडतो.

हे ताजं करणं थांबलं तर काय होतं, ते अल्झायमरच्या आजारात दिसतं. १९०१ साली फ्रँकफर्टच्या रुग्णालयात आलॉइस अल्झायमर यांनी ५१ वर्षांच्या ऑगुस्टे डेटर या बाईंना नाव लिहायला सांगितलं. त्यांना ते पूर्ण लिहिता येईना. मी स्वतःलाच हरवून बसले आहे, अशा अर्थाचं त्या म्हणाल्या. हरवल्याचं कळायला जो शिल्लक असावा लागतो, तो ‘मी’ तेव्हा अजून होता. पुढच्या टप्प्यात अनेकांचं तेही भान जातं. काही रुग्णांच्या मनातलं स्वतःचं चित्र जुन्या वयात गोठतं. आपण तिशीत आहोत असं मनाशी धरून बसलेल्या बाईला आरशातली पांढऱ्या केसांची म्हातारी परकीच वाटणार. तिची नजर ठीक असते, तर्कही तिच्यापुरता बरोबरच असतो.

माझ्या आजीचं असंच झालं. गोदरेजच्या कपाटातल्या ‘त्या बाईं’ना ती आधी चहा विचारायची, मग त्यांना घाबरू लागली. शेवटी आजोबांनी आरशावर जुनी चादर टाकली, तिची चारही टोकं खोचून घेतली. पण रोज सकाळी अंघोळ झाली की ती देवघराजवळ पाटावर बसायची, करंड्यातून करंगळीच्या शेजारच्या बोटावर कुंकू घ्यायची, आणि समोर आरसा नसताना दोन्ही भुवयांच्या बरोबर मध्ये टेकवायची. एकदाही चुकलं नाही.