महाशिवरात्रीच्या ताटातली तिखट रताळी

माघ वद्य चतुर्दशी जवळ आली की संकेश्वरच्या बाजारात दोन लाल ढीग शेजारी शेजारी लागतात. एक यंदाच्या वाळलेल्या मिरचीचा, दुसरा अंगावर माती घेऊन आलेल्या रताळ्यांचा. शंकरलिंगाच्या गावात महाशिवरात्रीचा उपवास घरोघरी असतो. उपवासाचं रताळं म्हटलं की पुष्कळांना ते उकडून दुधात कुस्करलेलं किंवा गुळाच्या पाकात मुरवलेलं आठवतं. तेही चांगलंच लागतं. पण वरीचा भात, दाण्याची आमटी, खिचडी असं सगळं मऊ-मऊ ताटात आलं की एक खमंग, तिखट तोंडीलावणं हवंसं वाटतं, आणि ते या दोन ढिगांतूनच तयार होतं.

ही भाजी करायला सोपी, तशीच बिघडायलाही सोपी. कधी ती गोडमिट्ट होते, कधी तिचा लगदा होतो, कधी ती काळी पडते. तिन्हींची कारणं वेगळी आहेत, आणि ती कळली की भाजी हातातून जात नाही.

रताळं निवडताना

हिरण्यकेशीकाठची आपली जमीन उसाची. रताळ्याला लागते निचऱ्याची, भुसभुशीत तांबडी माती. म्हणून आपल्या बाजारात येणारं रताळं बहुधा बेळगाव आणि खानापूर तालुक्यांच्या पश्चिम पट्ट्यातलं किंवा चंदगडकडचं असतं. नवरात्रात बेळगावच्या बाजार समितीतून हीच रताळी ट्रक भरभरून उत्तर भारतात जातात. साल तांबूस-गुलाबी आणि आत पांढरट, घट्ट गर ही त्यांची ओळख. तिखट भाजीला असाच कोरडा गर लागतो.

मध्यम जाडीची, सरळ, घट्ट रताळी घ्यावीत. फार जाड रताळ्यात दोरे निघतात. सालीवर बारीक भोकं दिसली तर सोंड्या किडा आत गेलेला आहे असं समजावं. असं रताळं किडका भाग कापूनही कडूच लागतं, कारण किडीशी झुंजताना रताळं स्वतःच कडू द्रव्यं तयार करतं. ते सरळ टाकून द्यावं.

आणि रताळी फ्रिजमध्ये ठेवू नयेत. 12-13 अंशांच्या खाली त्यांना थंडी बाधते. मधला गाभा कडक होतो आणि कितीही शिजवला तरी मऊ पडत नाही. टोपलीत, वारं लागेल अशा कोपऱ्यात ती आठ-पंधरा दिवस सहज टिकतात. एवढं मात्र लक्षात ठेवावं की ठेवणीत त्यांची गोडी वाढत जाते. गोड करायचं असेल तर जुनी रताळी, तिखट करायचं असेल तर ताजी.

गोडी आचेवर तयार होते

सगळी भाजी याच एका गोष्टीवर उभी आहे, म्हणून जरा सविस्तर सांगते.

कच्चं रताळं चावून पाहा, ते फार गोड लागत नाही. त्यात साखर असते, पण पिष्ट तिच्याहून कितीतरी जास्त. त्याच रताळ्यात पिष्ट फोडून त्याची माल्टोज नावाची साखर करणारं विकरही असतं. कच्च्या पिष्टावर या विकराची मात्रा फारशी चालत नाही. उष्णता साधारण 60-65 अंशांवर गेली की पिष्टाचे कण पाणी पिऊन फुगतात, सैल होतात, आणि मग विकराचं काम जोरात सुरू होतं. 75-80 अंशांच्या पुढे विकर स्वतःच निकामी होतं. म्हणजे रताळ्याचा गाभा या दोन टप्प्यांच्या मध्ये जितका वेळ रेंगाळेल, तितकी साखर जास्त.

चुलीच्या निवत्या आरात, राखेखाली पुरलेलं अख्खं रताळं इतकं मधासारखं का होतं, ते यावरून कळतं. तिथे उष्णता आत शिरायला तास-दीड तास घेते आणि विकराला भरपूर सवड मिळते. तिखट भाजीला याच्या अगदी उलट हवं. फोडी लहान, तेल चांगलं तापलेलं, आच मोठी. गर लवकर तापला की विकर लवकर थांबतं आणि गोडी बेताची राहते.

माझी पहिली भाजी इथेच फसली होती. अख्खी रताळी मंद आचेवर उकडून घेतली, गार केली, मग फोडी करून फोडणीत टाकल्या. बटाट्याची भाजी आपण अशीच करतो, म्हणून. पातेल्यात तिखटाचा शिरा तयार झाला. मिरच्या वाढवत गेले तसा तो एकाच वेळी जास्त गोड आणि जास्त जाळ लागायला लागला. आईने एक घास खाल्ला आणि म्हणाली, ‘अगं, रताळ्याला बटाटा समजू नये.’ त्यानंतर मी या भाजीसाठी रताळी कधी उकडली नाहीत.

उपवासाला काय चालतं

हे घराघरावर आहे. आमच्याकडे जिरं चालतं, कोथिंबीर चालते. हळद, मोहरी, हिंग चालत नाही. कांदा-लसणाचा तर प्रश्नच नाही. काही घरांत जिरंही वर्ज्य, काहींत साधं मीठ नको म्हणून सैंधव. पाहुणे येणार असतील तर आधी विचारून घ्यावं, त्यात संकोच नको.

आपल्या भागात इथे एक घोटाळा हमखास होतो. आपण ‘चटणी’ म्हणतो ते बहुतेक वेळा वर्षाचं करून ठेवलेलं तिखट असतं, आणि त्यात कांदा, लसूण, खडा मसाला सगळं असतं. घाईत त्याच डब्यात चमचा जातो. उपवासाच्या आदल्या दिवशीच चार मिरच्या वेगळ्या काढून ठेवाव्यात.

मला नेहमी नवल वाटतं ते दुसऱ्याच गोष्टीचं. उपवासाच्या ताटात हळद-मोहरीसारख्या आपल्याकडच्या जुन्या जिनसांना मज्जाव आहे, आणि मानाने बसलेले पदार्थ बरेचसे अमेरिका खंडातून आलेले आहेत. रताळं, बटाटा, मिरची, भुईमूग, आणि ज्या कंदाचा साबुदाणा करतात तो टॅपिओकाही. पोर्तुगीज दर्यावर्दी भारतात आल्यानंतरच्या काळात ही पिकं इथे रुजली. ‘बटाटा’ हा आपला शब्द पोर्तुगीजांकडून आला. त्यांनी तो कॅरिबियन बेटांवरच्या टाइनो लोकांकडून उचलला होता, आणि तिथे ‘बटाटा’ म्हणजे होतं रताळं! मराठीत ते नाव दुसऱ्याच कंदाला चिकटलं.

आमच्या शेजारच्या अक्का रताळ्याला कानडीत ‘गेणसू’ म्हणतात. शेंगदाण्याला मात्र त्याही ‘शेंगा’ म्हणतात आणि आम्हीही. शिवरात्रीला वाट्यांची देवाणघेवाण होते, तेव्हा त्यांच्या भाजीत ओलं खोबरं जास्त, आमच्या भाजीत कूट जास्त, एवढाच काय तो फरक असतो.

संकेश्वरी मिरची

गावाचं नाव लांबवर नेणारी ही मिरची. लांब, बारीक, सुरकुतल्या सालीची, जिभेवर लगेच चढणारी. गडहिंग्लजच्या बाजारात तिची मोठी उलाढाल चालते. हावेरी जिल्ह्यातल्या ब्याडगीला 2011 मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं. ब्याडगी रंगाला गडद आणि तिखटाला सौम्य, तर संकेश्वरीचा तिखटपणा खणखणीत. रताळ्याच्या गोडीपुढे उभी राहायला अशीच मिरची लागते, ब्याडगी तिथे मागे पडते. मिळाली तर जवारीच घ्यावी. ती संकरित मिरचीपेक्षा महाग पडते, पण वास तिलाच आहे.

मिरचीतला तिखट अंश पाण्यात नीट विरघळत नाही, तेलात विरघळतो. म्हणून वरून पूड भुरभुरण्यापेक्षा मिरची तेलात परतली की तिखटपणा सगळ्या फोडींना सारखा लागतो. हा अंश सर्वांत जास्त असतो तो बिया ज्या पांढऱ्या शिरेला चिकटलेल्या असतात त्या शिरेत. घरात लहान मुलं असतील तर मिरची मोडून ती शीर आणि बिया झटकून टाकाव्यात. वास राहतो, जाळ कमी होतो.

सामान आणि कृती

चार-पाच माणसांना तोंडीलावणं म्हणून अर्धा किलो रताळी, तीन-चार संकेश्वरी मिरच्या, मोठे तीन चमचे शेंगतेल (किंवा निम्मं तेल, निम्मं तूप), एक लहान चमचा जिरं, अर्धी वाटी शेंगदाण्याचा जाडसर कूट, अर्धं लिंबू, चवीपुरतं मीठ, मूठभर ओलं खोबरं आणि कोथिंबीर.

रताळी चोळून धुवावीत. साल कोवळी असेल तर ठेवावी, कडेला छान कुरकुरीत होते. विळीवर पाऊण सेंटिमीटरच्या चौकोनी फोडी कराव्यात आणि चिरता चिरताच मिठाच्या पाण्यात टाकाव्यात. चिरलेला गर हवेत राहिला की काळा पडतो, तो पाण्यात पडत नाही. वर सुटलेलं पिष्टही धुऊन निघतं, त्यामुळे फोडी एकमेकींना चिकटत नाहीत. दहा मिनिटांनी फोडी उपसून पंचावर पसरून कोरड्या कराव्यात. ही पायरी गाळू नये. ओल्या फोडी तेलात पडल्या की आधी वाफ धरतात, तेल निवतं, आणि आपण टाळत असलेलं मंद शिजणं नेमकं सुरू होतं.

पसरट, जाड बुडाची कढई घ्यावी. तेल तापलं की गॅस बारीक करून मिरचीचे तुकडे टाकावेत. बारीक सालीची ही मिरची काही क्षणांत करपते. ती गडद लाल होऊन तेलाला वास सुटला की झाऱ्याने काढून बाजूला ठेवावी. त्याच तेलात जिरं तडतडू द्यावं, आच मोठी करावी आणि फोडी एका थरात पसराव्यात. दोन मिनिटं उलथनं लावू नये. खालची बाजू तांबूस झाली की परतावं, पुन्हा थांबावं. सात-आठ मिनिटांत कडा खरपूस होतात. मग झाकण ठेवून मध्यम आचेवर तीन-चार मिनिटं. पाण्याचा हबका मारायचा नाही. फोडीत सुरीचं टोक सहज जायला हवं, पण फोड मोडता कामा नये.

आता मीठ. आधी घातलं तर फोडींना पाणी सुटतं. मग काढून ठेवलेली मिरची हाताने चुरून आणि कूट घालून दोनच मिनिटं परतावं; कूट जास्त वेळ राहिला तर तेल सोडून जड होतो. गॅस बंद केल्यावर लिंबू पिळावं, खोबरं-कोथिंबीर घालावी. लिंबाने गोडी आणि तिखट यांचा मेळ बसतो, रंगही उजळ राहतो. लोखंडी कढई वापरलीत तर भाजी खमंग होते, पण झाल्याबरोबर दुसऱ्या भांड्यात काढावी. रताळ्यातली द्रव्यं लोखंडाशी मिळून भाजी काळी-हिरवट करतात.

मधुमेह असलेल्या माणसासाठी वाढताना एवढं पाहावं की 100 ग्रॅम कच्च्या रताळ्यात साधारण 20 ग्रॅम कर्बोदकं असतात. वरीचा भात आणि खिचडी शेजारी असतील तर ही भाजी लहान वाटीभरच पुरे.

अमेरिकेतल्या सुनेसाठी

आमच्याकडून शिकून गेलेल्या मुली तिकडून विचारतात की भाजी लगदा का होते. तिथल्या दुकानातलं नारिंगी रताळं, जे पुष्कळदा ‘याम’ या नावाने विकतात, ते पाणीदार आणि मुळातच गोड असतं. नोव्हेंबरच्या चौथ्या गुरुवारी, थँक्सगिव्हिंगच्या जेवणात, त्यावर साखर आणि मार्शमॅलो घालून भाजायची तिकडे रीत आहे. त्याला ते योग्यच. आपल्या भाजीसाठी जांभळ्या सालीचं, आत पांढरं असलेलं जपानी रताळं शोधावं. त्याचा गर आपल्यासारखा कोरडा असतो. नारिंगीच मिळालं तर फोडी ओव्हनमध्ये 220 अंश सेल्सिअसवर, एकमेकींना न चिकटवता, वीस-पंचवीस मिनिटं भाजाव्यात आणि मिरची-जिऱ्याचं तेल वरून ओतावं. नारिंगी रंग येतो बीटा-कॅरोटीनमुळे, त्यापासून शरीर अ जीवनसत्त्व तयार करतं, तेव्हा ते रताळंही वाया जात नाही. आपल्याकडे तिरुवनंतपुरमच्या केंद्रीय कंद पीक संशोधन संस्थेने ‘भू सोना’ ही अशीच नारिंगी जात काढली आहे.

पारण्याच्या सकाळी

भाजी थोडी जास्तच करावी. दुसऱ्या दिवशी उपवास सुटला की उरलेल्या फोडी हाताने कुस्कराव्यात, त्यात मावेल तेवढं ज्वारीचं पीठ, बारीक चिरलेला कांदा आणि आता मोकळा झालेला चटणीचा डबा घ्यावा. पाणी अगदी बेताने, कारण पीठ मळता मळता रताळं सैल होत जातं. ओल्या फडक्यावर थापून तव्यावर टाकावं, मधे बोटाने भोक पाडून तेल सोडावं. वर लोण्याचा गोळा.