'शेवटची' ट्रुगानिनी आणि तिच्यानंतरची माणसे

टास्मानिया म्हटले की आपल्याकडे रिकी पॉन्टिंग आठवतो. थोडे अधिक वाचलेल्यांना आणखी एक गोष्ट माहीत असते: ऑस्ट्रेलियाच्या दक्षिणेकडील या बेटावरचे मूळ रहिवासी समूळ नष्ट झाले आणि त्यांच्यातली शेवटची स्त्री ट्रुगानिनी 1876 मध्ये वारली. एच. जी. वेल्सच्या 'द वॉर ऑफ द वर्ल्ड्स'च्या आरंभीही या लोकांच्या संहाराचा उल्लेख येतो. संहार खरा आहे, समूळ नाश खरा नाही. या दोन गोष्टी वेगळ्या केल्याशिवाय तिथला इतिहास हाती लागत नाही, असे माझे मत आहे.

इंग्रजांची पहिली वसाहत 1803 ची. पुढच्या तीस वर्षांत जमिनीसाठी रक्त सांडले. 1828 मध्ये लष्करी कायदा पुकारला गेला. 1830 मध्ये सैनिक, कैदी आणि वसाहतवाले अशा दोन हजारांहून अधिक माणसांची साखळी करून मूळ रहिवाशांना हाकलून कोंडण्याचा घाट घातला गेला. हाती लागले दोघे. जे बंदुकीला जमले नाही ते जॉर्ज ऑगस्टस रॉबिन्सनने गोड बोलून केले. उरलेल्यांना त्याने फ्लिंडर्स बेटावर वायबलेना येथे नेले. तिथे रोगराईने माणसे पटापट मेली. 1847 मध्ये परत आणलेले फक्त 47 होते. ट्रुगानिनी त्यांतलीच.

1869 मध्ये विल्यम लान या तिच्या माणसाच्या प्रेताची 'शास्त्रा'च्या नावाखाली विटंबना झाली होती. आपल्या देहाचे तसे होऊ नये, अशी विनवणी तिने केली होती. तिला पुरल्यावर दोनच वर्षांत सांगाडा उकरून काढला गेला. 1904 ते 1947 तो होबार्टच्या संग्रहालयात प्रदर्शनात मांडला होता. दहन झाले 1976 मध्ये, मृत्यूनंतर शंभर वर्षांनी.

'शेवटची' हा शब्द कोणत्या मोजपट्टीने आला? रक्ताच्या. आई आणि बाप दोघेही मूळ रहिवासी असतील तरच माणूस 'खरा'. बासच्या सामुद्रधुनीतल्या बेटांवर एकोणिसाव्या शतकाच्या आरंभापासून सीलची शिकार करणारे गोरे राहत होते. त्यांच्याबरोबर मूळ रहिवासी स्त्रिया होत्या. काही पळवून आणलेल्या, काही देवाणघेवाणीत दिलेल्या. या संसारांतून केप बॅरन बेटावरचा समाज उभा राहिला. समुद्रपक्ष्यांची पिल्ले बिळांतून काढून खारवणे, त्यांचे तेल व पिसे विकणे, किनाऱ्यावरच्या चकचकीत शिंपल्यांच्या माळा ओवणे, हे सगळे त्या स्त्रियांचे ज्ञान होते. माळांची कला आईकडून लेकीकडे आजवर चालत आली आहे.

सरकारची गंमत पाहा. हे लोक मूळ रहिवासी नव्हेत, असे एकीकडे सांगायचे आणि दुसरीकडे 1912 मध्ये खास त्यांच्यासाठी केप बॅरनचा कायदा करायचा. जे नाहीतच त्यांच्यासाठी कायदा कशाला लागतो?

याहून बोलका दाखला फॅनी कॉक्रेन स्मिथचा. जन्म 1834, वायबलेनातच. संसदेने तिला 300 एकर जमीन दिली. 1899 आणि 1903 मध्ये मेणाच्या नळकांड्यांवर तिची गाणी ध्वनिमुद्रित झाली. त्यांत ती स्वतःला टास्मानियातली शेवटची म्हणवते. तिला अकरा मुले होती! मानमरातब आणि जमीन 'शेवटच्या' माणसालाच मिळते, हे तिने ओळखले असावे, असा माझा तर्क आहे.

1970 नंतर वंशजांनी आवाज चढवला. 1995 च्या कायद्याने काही जमिनी परत मिळाल्या, 2005 मध्ये केप बॅरनचा बहुतेक भागही. जुन्या नोंदींतले शब्द जुळवून 'पालावा कानी' ही भाषा उभी केली गेली. तिच्यात टास्मानियाचे नाव 'लुत्रुविता'.

आता भांडण वेगळेच आहे. 2021 च्या जनगणनेत टास्मानियातल्या सुमारे 30 हजारांनी स्वतःची मूळ रहिवासी म्हणून नोंद केली. यातले किती जण खरे, यावरून समाजातच फूट आहे. 2016 मध्ये सरकारने कागदोपत्री वंशावळीची अट सैल केली, तेव्हा बेटांवरच्या जुन्या घराण्यांशी नाते सांगणाऱ्या अनेकांनी विरोध केला. त्यांचे म्हणणे मला समजते. पण दुसऱ्या बाजूचीही अडचण खरी आहे: पळवून नेलेल्या बाईच्या नातवंडाने कागद आणायचा तर तो कुठून? वंशाचा पुरावा शोधायला जावे, तर हाती येतात ती गोऱ्या पाद्र्यांनी आणि अधिकाऱ्यांनी लिहिलेली दप्तरे.