तुमचे आडनाव नेमके काय सांगते? नांदेड-लातूरच्या 'कर', 'वार' आणि 'पाटलां'ची गोष्ट

दहावी-बारावीचे निकाल लागले की तहसील कार्यालयात आणि सेतू केंद्रांवर जातीच्या दाखल्यासाठी गर्दी होते. तिथे एक वाक्य हमखास कानावर पडते : "आमचं आडनाव तेच, मग त्यांना दाखला मिळाला, आम्हाला का नाही?" कुणबी नोंदींची शोधमोहीम सुरू झाल्यापासून तर मराठवाड्यात घरोघरी आडनावांचा शोध सुरू आहे. पण आडनाव खरोखर काय सांगते, आणि काय सांगत नाही? समजून घेऊ.

'कर' म्हणजे गाव सोडल्याची खूण

देगलूरकर, कंधारकर, उदगीरकर, औसेकर, निलंगेकर. ही आडनावे गावावरून आली, हे सगळ्यांना माहीत आहे. पण यात एक गंमत आहे. औशात राहणाऱ्याला औशात कुणी 'औसेकर' म्हणत नाही, कारण तिथे सगळेच औसेकर. माणूस दुसऱ्या गावी गेला की तिथले लोक त्याला त्याच्या गावाने ओळखू लागतात. म्हणून 'कर' लागलेले आडनाव बहुतेक वेळा घराण्याने मागे सोडलेले गाव सांगते. नांदेडच्या पीपल्स कॉलेजचे प्राचार्य आणि विचारवंत नरहर कुरुंदकर यांचे आडनाव वसमत तालुक्यातल्या कुरुंदा गावाची आठवण ठेवते.

गाव एकच असले तरी तिथून बाहेर पडलेली घराणी अनेक आणि वेगवेगळ्या जातींची असतात. त्यामुळे 'कर' वरून गाव कळते, जात नाही.

पाटील, देशमुख : आधी पद, मग आडनाव

पाटील हा गावाचा प्रमुख, कुलकर्णी गावाचा हिशेब ठेवणारा. देशमुख आणि देशपांडे ही त्याच्या वरची, परगण्याची पदे. ही वतने पिढीजात होती, म्हणून पदाचे नाव घराण्याला चिकटले. वतने गेली, नावे राहिली.

ज्या गावात ज्या समाजाकडे वतन, त्या समाजात ते आडनाव. म्हणून पाटील मराठा आहेत, लिंगायत आहेत, माळी-कोळी आहेत, मुस्लिमही आहेत. देशमुखांचेही तसेच. पाटील इतके झाले की ओळख पटवायला पुढे गाव जोडावे लागले. माजी मुख्यमंत्री शिवाजीराव पाटील निलंगेकर आणि माजी केंद्रीय गृहमंत्री शिवराज पाटील चाकूरकर ही लातूर जिल्ह्यातली ठळक उदाहरणे. दोघेही 'पाटील', पण एक मराठा समाजातले, दुसरे लिंगायत. नुसत्या 'पाटील'वरून हे कळलेच नसते.

'वार' आणि 'मठपती' : सीमेची देणगी

नांदेडच्या बाजारपेठेतल्या दुकानांच्या पाट्या वाचा, 'वार'ने संपणारी आडनावे भरपूर दिसतील. तेलुगूत एखाद्या घराण्याचा आदराने उल्लेख करताना 'वारु' म्हणतात. त्याचाच हा मराठी अवतार. मामीडवारमध्ये तेलुगूतला आंबा म्हणजे 'मामिडी' दिसतो, चिंतावारमध्ये चिंच म्हणजे 'चिंता'. ही घराणी आज घरीदारी मराठी बोलतात, पण आडनावाने जुनी भाषा जपली आहे.

लातूरकडे, विशेषतः उदगीर-निलंगा भागात, कन्नडची सावली दिसते. नावापुढे 'अप्पा' येतो. स्वामी, मठपती, हिरेमठ ही आडनावे मठाशी नाते सांगतात. 'हिरेमठ' म्हणजे कन्नडमध्ये थोरला मठ.

याचे कारण इतिहासात आहे. निजामाच्या हैदराबाद संस्थानात मराठी, तेलुगू आणि कन्नड मुलूख एकत्र होता. 17 सप्टेंबर 1948 ला संस्थान मुक्त झाले आणि 1956 च्या राज्य पुनर्रचनेत भाषेनुसार वाटणी झाली. उदगीर, अहमदपूर, निलंगा हे तालुके बिदर जिल्ह्यातून इकडे आले. किनवट आदिलाबादमधून नांदेडमध्ये आले, तर मुधोळ-भैंसा नांदेडमधून तिकडे गेले. सीमा बदलली, आडनावे बदलली नाहीत.

एकच आडनाव, अनेक समाज

पवार, चव्हाण, जाधव ही आडनावे मराठा समाजात आहेत, तशीच किनवट-माहूरच्या तांड्यांवरच्या बंजारा कुटुंबांतही आहेत. गायकवाड मराठा आहेत, बौद्धही आहेत. नांदेडच्या शीख कुटुंबांत तर उलटा प्रवास आहे. 1699 मध्ये गुरू गोविंदसिंगांनी खालसा पंथ स्थापन केला, तेव्हापासून 'सिंग' आणि 'कौर' रूढ झाले. नावावरून जात कळूच नये, हा त्यामागचा विचार.

मग जुन्या नोंदीत आडनाव का सापडत नाही?

खरी अडचण इथे येते. जुन्या कागदांवर अनेकदा आडनावच नसते. फक्त नाव, बापाचे नाव आणि गाव असते. शिवाय निजामकाळातल्या कितीतरी नोंदी उर्दू किंवा मोडीत आहेत. उर्दू लिहिताना ऱ्हस्व स्वर सहसा लिहीत नाहीत. त्यामुळे 'मुंडे' आणि 'मंडे' कागदावर सारखेच दिसू शकतात. वाचणारा चुकला की नोंद हातची गेली.

कुणबी नोंदी शोधण्यासाठी राज्य सरकारने 2023 मध्ये निवृत्त न्यायमूर्ती संदीप शिंदे यांची समिती नेमली. 2 सप्टेंबर 2025 ला हैदराबाद गॅझेटियरबाबत शासन निर्णय निघाला. पण गॅझेटियरमध्ये जातींच्या लोकसंख्येचे आकडे आहेत, व्यक्तींची नावे नाहीत. त्यात आपले आडनाव शोधत बसण्यात अर्थ नाही.

दाखल्यासाठी काय लागते?

आडनावाचे साम्य हा पुरावा नाही. लागते ती वडिलांकडची वंशावळ आणि त्या वंशावळीतल्या माणसाची जुनी नोंद. कोणत्या तारखेपूर्वीचा पुरावा हवा, ते प्रवर्गानुसार ठरते :

• अनुसूचित जाती : 10 ऑगस्ट 1950
• विमुक्त जाती, भटक्या जमाती : 21 नोव्हेंबर 1961
• इतर मागास वर्ग : 13 ऑक्टोबर 1967

आजोबा-पणजोबांचा शाळेचा प्रवेश-निर्गम उतारा, खासरा पत्रक, पाहणी पत्रक आणि जन्म-मृत्यूची नोंद असलेले कोतवाल बुक म्हणजे गाव नमुना 14, हे कागद आधी तपासा. शोधताना आडनावावर अडून राहू नका. पणजोबांचे नाव, त्यांच्या वडिलांचे नाव आणि गाव धरून शोधा. त्या काळी घराणे वेगळ्या आडनावाने, पदाने किंवा गावाच्या नावाने ओळखले जात असेल, तर घरातल्या म्हाताऱ्या माणसांना आजच विचारून लिहून ठेवा.

नावात बदल करायचा असेल तर तो राजपत्रात प्रसिद्ध करून घ्या आणि जुन्या नावाचे कागद फेकू नका. जुने आणि नवे नाव एकाच माणसाचे, हे त्यावरूनच सिद्ध होते. 1 मे 2024 नंतर जन्मलेल्या मुलांच्या नावात तर राज्य सरकारच्या निर्णयानुसार आईचे नावही आले आहे : आधी मुलाचे, मग आईचे, मग वडिलांचे आणि शेवटी आडनाव. पुढच्या पिढीला घराणे शोधताना निदान आजीचे नाव तरी शोधावे लागणार नाही.

थोडक्यात, आडनाव तुमच्या घराण्याने सोडलेले गाव सांगेल, सांभाळलेले पद सांगेल, विसरलेली भाषाही सांगेल. जात मात्र कागदच सांगतो. म्हणून शेजाऱ्याच्या आडनावाशी तुलना करण्याआधी आपल्या पणजोबांचे पूर्ण नाव माहीत आहे का, ते बघा.