मुक्या पडद्यावरचे सामुराई

मंडळी, धनी गेला, जहागीर जप्त झाली, आणि त्याच्या पदरचे तलवारबहाद्दर एकाएकी उघड्यावर पडले. आता त्यांनी करावे काय? जपानच्या मूकपटांनी हा प्रश्न पुन्हा पुन्हा विचारला. अशा बिनधन्याच्या सामुराईला तिकडे ‘रोनिन’ म्हणतात.

मूळ हकिकत खरी घडलेली आहे. १७०१ साली आसानो नावाच्या सरदाराने एदोच्या, म्हणजे आजच्या तोक्योच्या, किल्ल्यात किरा या दरबारी अंमलदारावर हत्यार उपसले. शोगुनच्या वाड्यात शस्त्र काढणे हा भारी गुन्हा. त्याच दिवशी आसानोला स्वतःचे पोट चिरून मरावे लागले. किराला मात्र शिक्षा नाही! आसानोचा कारभारी ओइशी याने दीडदोन वर्षे कळ काढली. हेर गाफील राहावेत म्हणून तो क्योतोत व्यसनी माणसाचे सोंग घेऊन राहिला, असे सांगतात. मग हिवाळ्यातल्या एका रात्री ४७ जणांनी किराचा वाडा गाठला, आणि त्याचे मस्तक धन्याच्या थडग्यापुढे नेऊन ठेवले. आता सरकारला पेच पडला. इमान राखले खरे, पण कायदा तर मोडला! १७०३ साली ४६ जणांना पोट चिरून मरण्याची शिक्षा झाली. फाशी नव्हे, सामुराईचे मानाचे मरण. गुरुजी, हा निवाडा वर्गात मुलांपुढे ठेवून पाहा. दोन तट पडल्याशिवाय राहणार नाहीत.

ही कथा काबुकी रंगभूमीवर गाजली होतीच. १९१० च्या सुमारास माकिनो शोझो यांनी ओनोए मात्सुनोसुके या नटाला घेऊन ती पडद्यावर आणली. त्याच्या मोठाल्या डोळ्यांवरून लोकांनी त्याचे लाडके टोपणनाव पाडले होते.

पडदा मुका, पण थेटर मुके नव्हते हो! पडद्याशेजारी ‘बेनशी’ उभा राही. कीर्तनकार आख्यान रंगवतो, तसा तो बाईचा, पोराचा, म्हाताऱ्याचा आवाज काढून गोष्ट सांगे. पुढे बोलपट आले आणि ही माणसे बेकार झाली. दिग्दर्शक अकिरा कुरोसावा यांचा थोरला भाऊ बेनशीच होता. १९३३ साली त्याने स्वतःचा जीव घेतला.

मला स्वतःला १९२५ चा ‘ओरोची’ अधिक मोलाचा वाटतो. त्यात बांदो त्सुमासाबुरोने रंगवलेला सामुराई सरळ मनाचा आहे. पण गैरसमजापायी गुरू त्याला हाकलतो, आणि जग त्याला गुंड ठरवते. शेवटी गुरूच्या मुलीला व तिच्या नवऱ्याला वाचवण्यासाठी तो तलवार उपसतो. शिपायांचा गराडा पडतो, झुंज लांबतच जाते, आणि तो दोरांनी बांधला जातो. बघ्यांच्या लेखी एक बदमाश पकडला गेला. खरे काय ते ठाऊक असते फक्त त्या नवराबायकोला.