जुन्या संगणक-खेळांचे जतन : 'प्रोजेक्ट आयजीआय'च्या निमित्ताने

प्रस्तावना
संगणक-खेळ हा विषय विद्यापीठीय चर्चेत क्वचितच येतो. तथापि २००० नंतरच्या दशकात महाराष्ट्रातील अनेक तरुणांची संगणकाशी पहिली मैत्री सायबर कॅफेतील खेळांमुळे झाली. त्यांपैकी 'प्रोजेक्ट आयजीआय' हे नाव धाराशिव (पूर्वीचा उस्मानाबाद) जिल्ह्यातील आजच्या कित्येक अध्यापकांच्याही स्मरणात असेल. हा खेळ आज चालू ठेवण्यातील अडचणी, त्यांवरील उपाय आणि त्यातून महाविद्यालयांनी घ्यावयाचा बोध यांचे विवेचन प्रस्तुत लेखात केले आहे.

खेळाचे स्वरूप
नॉर्वेतील इनरलूप स्टुडिओज या संस्थेने निर्मिलेला हा खेळ आयडॉस इंटरॅक्टिव्हने डिसेंबर २००० मध्ये प्रकाशित केला. डेव्हिड जोन्स हा हस्तक एकट्याने १४ मोहिमा पार पाडतो. उपग्रह-नकाशा अभ्यासणे, पहारेकऱ्यांच्या फेऱ्या हेरणे, कॅमेऱ्यांची नजर चुकविणे यांना बंदुकीइतकेच महत्त्व आहे. मोहीम मध्येच साठवून ठेवण्याची सोय नसल्याने नायक मारला गेल्यास पुन्हा आरंभापासून सुरुवात करावी लागते. संयमाची ही कसोटी हाच खेळाचा गाभा होय. म्हणूनच त्याची चित्रफीत जपणे पुरेसे नाही. तो खेळता आला पाहिजे.

अडचणींची कारणे
पहिले कारण तांत्रिक आहे. विंडोज ९८च्या काळातील असे खेळ चित्रांकनासाठी डायरेक्ट-थ्रीडीच्या जुन्या आवृत्त्यांवर विसंबतात. आजच्या यंत्रणेवर त्यांची चित्रे बिघडतात किंवा रुंद पडद्यावर ताणली जातात. त्या काळातील काही खेळांचे स्थापना-प्रोग्राम १६ बिटचे होते. ते ६४ बिट विंडोजवर चालत नाहीत. दुसरे कारण कुलपाचे आहे. अनेक सीडींवर 'सेफडिस्क' हे नक्कल-प्रतिबंधक तंत्र होते. २०१५ मध्ये आलेल्या विंडोज १० मधून त्याचा आधार काढून घेण्यात आला. परिणामी रीतसर विकत घेतलेली सीडीही निरुपयोगी ठरली. तिसरे कारण व्यावसायिक आहे. अमेरिकेत २०१० पूर्वी प्रकाशित झालेल्या खेळांपैकी ८७ टक्के बाजारात उपलब्ध नाहीत, असे व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने २०२३ मध्ये दाखवून दिले.

उपाय
यावर मुख्यतः तीन मार्ग आहेत. 'डीजीवूडू'सारखा दुभाषी प्रोग्राम जुन्या चित्रांकन-आज्ञांचे नव्या आज्ञांत रूपांतर करतो. 'वाईन' हा १९९३ पासून विकसित होत असलेला प्रकल्प विंडोजचे प्रोग्राम लिनक्सवर चालवितो. तिसऱ्या मार्गात एका संगणकाच्या पोटात दुसरा आभासी संगणक उभारून त्यावर जुनी विंडोज बसविली जाते. मात्र त्रिमितीय खेळ तेथे अनेकदा संथ चालतात.

कायद्याची बाजूही ध्यानात घ्यावी लागते. कॉपीराइट अधिनियम, १९५७ च्या कलम ५२ नुसार संगणक-प्रोग्रामची वैध प्रत बाळगणाऱ्यास सुरक्षिततेसाठी राखीव प्रत करता येते. परंतु हक्कभंगाच्या हेतूने संरक्षक कुलूप तोडणे हा २०१२ च्या दुरुस्तीने आलेल्या कलम ६५अ अन्वये गुन्हा आहे.

महाविद्यालयांसाठी बोध
हीच कारणे आपल्या ग्रंथालयांनाही लागू पडतात. पुस्तकांसोबत आलेल्या सीडी, युनिकोडपूर्व मराठी फॉन्टमध्ये टंकलिखित केलेले प्रबंध आणि जुन्या प्रोग्राममध्ये बंदिस्त झालेली सर्वेक्षणे यांची फाइल शाबूत असूनही मजकूर वाचता येत नाही. यास्तव प्रत्येक सीडीची प्रतिमा-प्रत करणे, तिच्यासोबत आवश्यक प्रोग्राम व फॉन्ट यांची नोंद ठेवणे, मजकुराचे युनिकोडमध्ये रूपांतर करणे आणि एक जुना संगणक चालू स्थितीत राखणे ही कामे जिल्ह्यातील कोणत्याही महाविद्यालयास अल्प खर्चात करता येतील.

निष्कर्ष
सारांश, डिजिटल वस्तू कपाटात ठेवल्याने टिकत नाही. ती चालविणारे वातावरणही टिकवावे लागते. जगभरच्या हौशी खेळाडूंनी खेळांसाठी जे केले, ते अध्यापकांनी ज्ञानसामग्रीसाठी करणे अगत्याचे आहे.